टिचकीपासून पहिल्या चित्रापर्यंत

खेळाच्या चिन्हावर दोनदा टिचकी मारावी, बाणाशेजारी निळे कडे क्षणभर फिरू लागावे, आणि आता काही घडणार अशी आशा वाटते न वाटते तोच ते कडेही नाहीसे होऊन पडद्यावर पूर्वीचेच स्तब्ध दृश्य उरावे, हा अनुभव आला नाही असा संगणकावर खेळणारा मनुष्य विरळाच. चालता चालता कोसळलेल्या खेळाविषयी निदान एवढे तरी सांगता येते, की तो अमुक ठिकाणापर्यंत चालला आणि तेथे पडला. जो सुरूच झाला नाही त्याच्या बाबतीत फिर्यादीजवळ सांगण्यासारखे काहीच नसते, आणि म्हणूनच एरवी विचाराने वागणारी माणसेही या प्रसंगी नवससायासांकडे वळतात. संगणक बंद करून पुन्हा चालू करणे, खेळ पुसून टाकून शंभर गिगाबाइटांचा तो ऐवज रात्रभर नव्याने उतरवून घेणे, आणि त्यानेही भागले नाही तर विंडोजच नव्याने बसवणे, अशी या व्रतांची चढती भाजणी असते. त्यांतले एखादे व्रत फळास येतेही. पण ते का फळले हे न कळल्यामुळे पुढल्या खेपेस गृहस्थ पुन्हा पहिल्याच पायरीवर उभा असतो.

या अवस्थेतून सुटायचे तर टिचकी आणि पहिले चित्र यांमधील त्या काही सेकंदांत काय काय घडत असते, हे एकदा नीट पाहून घेतले पाहिजे. टिचकी पडताच विंडोज खेळाची मुख्य फाइल उघडते, तिच्या आरंभीचा मजकूर वाचून ती ३२ बिटांची की ६४ बिटांची हे ठरवते, आणि मेमरीत तिला जागा काढून देते. त्याच मजकुरात एक यादी असते. खेळाच्या कर्त्यांनी स्वतः न लिहिता दुसऱ्यांच्या संग्रहांतून उसनी घेतलेली कामे कोणकोणत्या डीएलएल फाइलींत सापडतील, हे त्या यादीत नोंदलेले असते, आणि त्यांतील प्रत्येक फाइल हजर झाल्यावाचून खेळाची स्वतःची पहिली आज्ञाही चालू शकत नाही. ती चालली म्हणजे खेळ ग्राफिक्स कार्डाच्या ड्रायव्हरकडे चित्र काढण्याची परवानगी मागतो, खेळणाऱ्याच्या फोल्डरात आपल्या नोंदी ठेवायला जागा शोधतो, ज्या दुकानातून तो विकत घेतला त्या दुकानाच्या प्रोग्रॅमकडून मालकीची खातरजमा करून घेतो, आणि स्पर्धेचा खेळ असेल तर लबाडी रोखणारा पहारेकरी जागेवर आहे की नाही तेही पाहतो. एवढे सगळे सोपस्कार यथासांग पार पडले, की मग कोठे कंपनीचे बोधचिन्ह पडद्यावर उमटते. यांपैकी कोठेही नकार मिळाला तर खेळ तेथेच थांबतो. परंतु ध्यानात ठेवण्याची मुख्य गोष्ट ही, की त्या वेळी पडद्यावर जो संदेश येतो, आणि पुष्कळदा तोही येत नाही, तो खेळ जेथे पडला त्या जागेचा असतो, ज्याने त्याला पाडले त्याचा असेलच असे नाही. सबब संदेशाला साक्षीदार मानावे, न्यायाधीश मानू नये.

खेळाला इतक्या जणांच्या मुखाकडे का पाहावे लागते, यालाही एक इतिहास आहे. डॉसच्या काळात खेळ यंत्राशी थेट बोलत असत. त्यामुळे साउंड ब्लास्टर कार्डाचा पत्ता २२० आहे की २४०, त्याची इंटरप्टची ओळ पाचवी की सातवी, आणि ६४० किलोबाइटांच्या आखूड मेमरीत खेळापुरती जागा शिल्लक राहील की नाही, याची चौकशी खेळणाऱ्यालाच करावी लागे, आणि कॉन्फिग व ऑटोएक्झेक या दोन फाइलींत फेरफार करण्यात सुट्टीची अख्खी दुपार जाई. पुढे विंडोज आले आणि १९९४ साली मायक्रोसॉफ्टने ‘विंग’ नावाचा एक संग्रह खेळ लिहिणाऱ्यांच्या हाती दिला. त्याच वर्षीच्या नाताळात डिस्नेचा ‘लायन किंग’ अमेरिकेतील घरोघर भेट म्हणून गेला, आणि कॉम्पॅकच्या प्रेसारिओ संगणकांवरील चित्रांच्या ड्रायव्हरशी विंगचे न जुळल्यामुळे अनेक घरांत सणाच्या सकाळी मुलांना सिंहाऐवजी कोसळलेला संगणक पाहावा लागला. डिस्नेच्या मदतकक्षाकडे संतप्त पालकांच्या तक्रारींची रीघ लागली. ही नामुष्की मायक्रोसॉफ्टला चांगलीच झोंबली, आणि सप्टेंबर १९९५ मध्ये ‘डायरेक्टएक्स’ अवतरले, ते प्रत्येक खेळाने प्रत्येक कार्डाशी वेगळा व्यवहार करण्याऐवजी मधल्या एका दुभाष्याशी बोलावे या योजनेने. योजना उत्तम होती, तिच्यावाचून आजचे खेळ शक्यच झाले नसते. परंतु दुभाष्याचीच एखादी पोथी हरवली तर व्यवहार ठप्प होतो, हेही त्याबरोबर आलेच.

ही पोथी हरवल्याची तक्रार सर्वांत परिचयाची. ‘एमएसव्हीसीपी१४० ही डीएलएल सापडली नाही’ असा खुलासा पडद्यावर येतो, आणि वाचणाऱ्याची समजूत होते की खेळातलीच एखादी फाइल गहाळ झाली आहे. वास्तविक ती फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस संग्रहातली असते. २०१५ पासूनच्या आवृत्त्यांना एकच संग्रह पुरतो. त्यापूर्वीच्या २००५, २००८, २०१०, २०१२ आणि २०१३ या सालांचे संग्रह मात्र परस्परांपासून स्वतंत्र आहेत, आणि प्रत्येकाची ३२ बिटांची व ६४ बिटांची अशी दोन रूपे आहेत. यंत्रावरील प्रोग्रॅमांच्या यादीत एकाच नावाच्या दहाबारा नोंदी पाहून एखादा टापटिपीचा गृहस्थ त्यांतल्या जुन्या नोंदी पुसून टाकतो, आणि महिन्याभराने त्याचे तीन खेळ बंद पडतात. अशा वेळी ती एकुलती एक डीएलएल कोठल्या तरी अनोळखी ठिकाणाहून उचलून आणण्याचा मोह अनावर असतो. तो टाळावा, कारण त्या फाइलीबरोबर काय येईल याचा जामीन कोणी नसतो. मायक्रोसॉफ्टकडून संग्रहाची दोन्ही रूपे घेऊन बसवावीत. काम पाच मिनिटांचे आहे.

याच्या शेजारचीच दुसरी गैरसमजूत अशी, की नवे आले म्हणजे जुने त्यात आहेच. विंडोजमध्ये डायरेक्टएक्सची बारावी आवृत्ती नांदत असताना एखादा जुना खेळ ‘डी३डीएक्स९_४३’ नावाची फाइल मागतो आणि ती मिळत नाही म्हणून अडतो, तेव्हा मालकाला ते हास्यास्पद वाटते. नवव्या आवृत्तीचा गाभा नव्या विंडोजमध्ये आहेही. पण त्या काळी खेळांबरोबर दिल्या जाणाऱ्या या साहाय्यक फाइली विंडोजचा भाग कधीच नव्हत्या, आणि त्या अजूनही जून २०१० च्या पॅकेजातूनच घ्याव्या लागतात.

ज्याच्या शेवटी ‘७बी’ ही अक्षरे येतात असा एक लांबलचक संकेतांकही या प्रांतात वारंवार भेटतो. त्याचा अर्थ बहुधा एवढाच, की ३२ बिटांच्या खेळाला ६४ बिटांची डीएलएल मिळाली, किंवा उलट. हा घोटाळा पुष्कळदा वर सांगितलेल्या मोहातूनच उद्भवतो. ६४ बिटांच्या विंडोजमध्ये ‘सिस्टम३२’ या फोल्डरात ६४ बिटांच्या फाइली असतात आणि ३२ बिटांच्या फाइली ‘सिसवॉव६४’ मध्ये; ही वहिवाट ठाऊक नसलेला मनुष्य हाताने फाइल ठेवू गेला तर ती चुकीच्या घरात पडणे जवळजवळ अटळ आहे.

आता मराठी वाचकाला विशेष जवळचे असे एक कारण सांगतो, कारण इंग्रजी मार्गदर्शिकांत त्याचा उल्लेख क्वचितच आढळतो. यंत्रावर स्थानिक खाते उघडताना एखाद्याने आपले नाव हौसेने देवनागरीत लिहिले, तर त्याच्या खासगी फोल्डराचे नावही देवनागरीतच पडते. नव्या प्रोग्रॅमांना त्याचे काही वाटत नाही. परंतु जुने, आणि आळसाने लिहिलेले काही नवेही खेळ फाइलींची नावे युनिकोडमध्ये न वाचता त्यापूर्वीच्या ‘कोड पेज’ पद्धतीने वाचतात. पश्चिम युरोपच्या लिप्यांना १२५२ क्रमांकाचे, रशियनला १२५१ चे, जपानीला ९३२ चे असे कोड पेज विंडोजमध्ये आहे. मराठीला किंवा हिंदीला असे कोड पेज विंडोजने दिलेच नाही, त्या भाषा थेट युनिकोडमधूनच आत आल्या. परिणामी त्या खेळाला देवनागरी अक्षरांच्या जागी प्रश्नचिन्हे दिसतात. प्रश्नचिन्ह हे विंडोजमध्ये फाइलीच्या नावात निषिद्ध असल्यामुळे तो मार्ग त्याच्या दृष्टीने अस्तित्वातच नसतो. आणि नोंदी ठेवायला जागा नाही असे पाहून खेळ चकार शब्द न काढता निघून जातो. सेटिंग्जमध्ये खात्याचे नाव बदलून उपयोग नाही, कारण दिसणारे नाव बदलते, मूळ फोल्डर तसाच राहतो. रोमन लिपीतील नावाचे नवे खाते उघडून त्यात खेळ चालवून पाहावा. विंडोजमध्ये सर्वत्र यूटीएफ-८ वापरण्याची एक सोय आहे खरी, पण ती चालू केल्यावर दुसरेच काही जुने प्रोग्रॅम बिघडू शकतात. स्वतःच्या घरातल्या यंत्रावर स्वतःचे नाव स्वतःच्या लिपीत लिहिल्याबद्दल हा दंड भरावा लागावा, ही गोष्ट मला मुळीच रुचत नाही; परंतु खेळ तर सुरू व्हायला हवा.

फोल्डरांचा विषय निघालाच आहे, तर तेथील आणखी दोन पहारे सांगून टाकतो. विंडोज डिफेंडरमध्ये ठरावीक फोल्डरांत अनोळखी प्रोग्रॅमांना लिहू न देणारी एक तजवीज आहे. ती चालू असेल तर ‘डॉक्युमेंट्स’मध्ये नोंदी ठेवणारा खेळ पहिल्याच पावलाला ठेचाळतो. आणि वनड्राइव्हने ते ‘डॉक्युमेंट्स’ परस्पर आपल्या ताब्यात घेतले असेल, तर काही खेळांना आपले दप्तर सापडत नाही.

चित्रांच्या बाबतीत एवढे सांगून पुढे जातो, की लॅपटॉपमध्ये बहुधा दोन ग्राफिक्स चिप असतात आणि खेळाने दुबळीला हात घातला तर तो अडतो, तेव्हा डिस्प्लेच्या ग्राफिक्स सेटिंगमध्ये त्या खेळासाठी समर्थ चिप नेमून द्यावी. आणि काही खेळ पहिल्या वेळी शेडर, म्हणजे कार्डाने चित्र कसे रंगवावे याच्या सूचना, तयार करीत बराच वेळ काळ्या पडद्यामागे राबत असतात, तेव्हा घाईने त्यांचा गळा दाबू नये.

प्रोसेसरची गोष्ट मात्र विस्ताराने सांगण्याजोगी आहे, कारण साक्षीदार आणि गुन्हेगार यांतील अंतर येथे सर्वाधिक आढळते. २०१६ साली ‘नो मॅन्स स्काय’ प्रसिद्ध झाला, तेव्हा एएमडीच्या जुन्या फिनम प्रोसेसरांवर तो सुरूच होईना. खेळाला एसएसई ४.१ या आज्ञासंचाची गरज होती आणि त्या प्रोसेसरांत तो नव्हता. खेळाच्या कर्त्यांनी पुढे ती अट काढून टाकली. येथे यंत्र जुने आणि खेळ नवा होता, म्हणून निदान तर्क तरी चालतो. परंतु इंटेलचे दहाव्या पिढीचे प्रोसेसर आले तेव्हा उलटाच प्रकार घडला. पूर्वी निर्वेध चालणारे कित्येक खेळ नव्या, अधिक समर्थ यंत्रावर आरंभीच कोसळू लागले. त्या खेळांत ओपनएसएसएल नावाच्या गुप्तलेखनाच्या संग्रहाची एक जुनी आवृत्ती होती. प्रोसेसरात एसएचए नावाच्या आज्ञा असतील तर त्या वापरायच्या असा तिचा क्रम होता, आणि त्या वापरण्याच्या रीतीत एक चूक दडलेली होती. ज्या प्रोसेसरांत त्या आज्ञाच नव्हत्या, त्यांवर ती चूक वर्षानुवर्षे झोपून राहिली. यावर इंटेलनेच सुचवलेला तात्पुरता इलाज असा, की एका एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबलद्वारे त्या संग्रहाला सांगावे, की या यंत्रात एसएचए नाही असेच समज.

बाराव्या पिढीत तर आणखी विलक्षण प्रकार झाला. २०२१ च्या अखेरीस आलेल्या त्या प्रोसेसरांत मोठे आणि लहान असे दोन जातींचे कोअर होते, आणि नक्कल रोखणाऱ्या डेनुवो या व्यवस्थेला लहान कोअर म्हणजे निराळाच संगणक वाटून ती खेळ नामंजूर करू लागली. दुरुस्ती होईपर्यंत मदरबोर्डवाल्यांनी बायोसमध्ये एक सोय दिली. ती चालू केली की कीबोर्डावरील स्क्रोल लॉक दाबताच लहान कोअर बाजूला बसत. चाळीस वर्षे निरुद्योगी राहिलेल्या त्या बिचाऱ्या कळीला अशा रीतीने नोकरी लागली.

परंतु या सर्वांवर कडी केली ती इंटेलच्या तेराव्या आणि चौदाव्या पिढीतील काही प्रोसेसरांनी. अनरियल इंजिनावर रचलेले खेळ सुरू होताना ‘चित्रांची मेमरी संपली’ असा संदेश देऊन बंद पडत, आणि हा संदेश ज्यांच्या कार्डावर २४ गिगाबाइट मेमरी होती अशा धनवंतांनाही येत असे. लोकांनी ड्रायव्हर बदलले, कार्डे बदलली, कार्ड बनवणाऱ्यांना बोल लावला. आरंभी घट्ट बांधून ठेवलेले शेडर उलगडण्याचे काम खेळ प्रोसेसरकडून करून घेतो. तेथे प्रोसेसर हिशेबात चुके, उलगडलेला मजकूर भ्रष्ट निघे, आणि तो पुढे हाताळताना गडबडलेले इंजिन हाताशी असलेले सर्वांत जवळचे कारण सांगून मोकळे होई. प्रोसेसरला गरजेपेक्षा अधिक व्होल्टेज मिळत होते, हे इंटेलने २०२४ मध्ये मान्य केले, ऑगस्टमध्ये बायोसच्या अद्ययावतीकरणामार्फत दुरुस्ती दिली, आणि वॉरंटीची मुदत दोन वर्षांनी वाढवली. तथापि जे प्रोसेसर आधीच झिजले होते ते त्या दुरुस्तीने बरे झाले नाहीत. निरपराध कार्ड बदलण्यात ज्यांचे पैसे गेले त्यांचे पडद्यावरील शब्दांवर इतबार ठेवणे एवढेच चुकले होते.

मग साक्ष घ्यावी कोणाची? विंडोज स्वतःचा एक रोजनामा ठेवीत असते. ‘इव्हेंट व्ह्यूअर’ उघडून त्यातील ‘विंडोज लॉग्ज’च्या खाली ‘ॲप्लिकेशन’ पाहावे. खेळ कोसळला त्या मिनिटाला १००० क्रमांकाची नोंद आढळली, तर तीत कोणता प्रोग्रॅम पडला, कोणत्या मॉड्यूलमध्ये पडला आणि कोणत्या संकेतांकाने पडला हे लिहिलेले असते. मॉड्यूलचे नाव ‘एनव्ही’ने सुरू होत असेल तर एनव्हिडियाच्या ड्रायव्हराकडे पाहावे, एखाद्या रेकॉर्डिंग करणाऱ्या किंवा पडद्यावर आकडे दाखवणाऱ्या प्रोग्रॅमाचे असेल तर त्याला आधी बाहेर घालवावे, कारण असे प्रोग्रॅम खेळाच्या अंगात शिरूनच आपले काम करतात. संकेतांकाच्या शेवटी ‘१डी’ असेल तर खेळाने प्रोसेसरला न समजणारी आज्ञा दिली असे जाणावे. मात्र मॉड्यूल म्हणून ‘एनटीडीएलएल’ दिसले तर त्यावरून काही ठरवू नये. ती फाइल प्रत्येक प्रोग्रॅमाच्या जन्माला आणि मृत्यूला हजरच असते. खेळांचीही स्वतःची दप्तरे असतात. अनरियलचे खेळ ती ‘सेव्ह्ड’मधील ‘लॉग्ज’ फोल्डरात ठेवतात, युनिटीचे ‘प्लेयर’ नावाच्या लॉग फाइलीत. त्यांतील अखेरच्या आठदहा ओळी वाचल्या तर खेळ कोठवर आला होता हे कळते, आणि पुष्कळदा तेवढ्यानेच काम भागते.

नोंदच नसेल तर टास्क मॅनेजर उघडावा. पुष्कळदा मागल्या खेपेचा खेळ अर्धमेल्या स्थितीत तेथेच पडून असतो, आणि एका वेळी एकच प्रत चालावी असा नियम असल्यामुळे नवी प्रत त्याला पाहून मुकाट्याने परत फिरते. तो बंद करावा. त्यानंतर दुकानाच्या प्रोग्रॅमातून, म्हणजे स्टीमवर असेल तर स्टीममधून, फाइलींची पडताळणी करून घ्यावी. तिच्यात फक्त बिघडलेल्या फाइली नव्याने येतात, म्हणून सगळा खेळ पुन्हा उतरवण्यापूर्वी ती करणे शहाणपणाचे. आणि एका वेळी एकच बदल करावा. एकदम पाच उपाय करणाऱ्याचा खेळ सुरू होतोही, पण त्याच्या हाती ज्ञान लागत नाही.

स्पर्धेच्या खेळांचे पहारेकरी मात्र दिवसेंदिवस कडक होत चालले आहेत. ‘व्हॅलोरंट’ विंडोज ११ वर टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट यांवाचून आत घेत नाही. २०२५ साली आलेल्या ‘बॅटलफील्ड ६’चीही सिक्युअर बूटची अट आहे. ही सोय बायोसमध्ये चालू करता येते, परंतु डिस्क जुन्या एमबीआर पद्धतीने विभागलेली असेल तर ती आधी जीपीटी पद्धतीत बदलून घ्यावी, नाहीतर खेळ राहिला बाजूला, विंडोजच उघडायचे नाही; आणि बिटलॉकर चालू असेल तर त्याची रिकव्हरी की कागदावर लिहून ठेवल्यावाचून बायोसला हात लावू नये. एका करमणुकीसाठी यंत्राच्या मूळ बंदोबस्तापर्यंत हात घालू देणे मला अवाजवी वाटते, पण लबाडी करणाऱ्यांनीच ही पाळी आणली हेही नाकारता येत नाही.

राहिले जुने खेळ. एके काळी विंडोजच त्यांची मर्जी राखत असे. सिमसिटी हा खेळ परत केलेली मेमरी पुन्हा वाचण्याची चूक करी. विंडोज ९५ मध्ये ती चूक जिवावर बेतली असती, म्हणून सिमसिटी चालू असताना परत आलेली मेमरी जरा उशिरानेच मोडीत काढावी अशी खास व्यवस्था विंडोजमध्येच केली गेली. पुढे एक्सपीपासून ‘कंपॅटिबिलिटी मोड’ खेळणाऱ्याच्याच हाती आला. तो करून पाहावा. पण त्याच्या मर्यादाही ओळखाव्यात. ६४ बिटांचे विंडोज १६ बिटांचे प्रोग्रॅम चालवतच नाही, आणि नव्वदीच्या दशकातील कित्येक खेळ स्वतः ३२ बिटांचे असूनही त्यांचा इन्स्टॉलर १६ बिटांचा असल्याने दाराशीच अडतात. टर्बो पास्कलमध्ये लिहिलेले काही डॉसचे प्रोग्रॅम आरंभी प्रोसेसरची गती मोजत, आणि यंत्र फार वेगवान निघाले की तो भागाकारच न मावून ‘रनटाइम एरर २००’ देत. त्यांना डॉसच्या यंत्राची नक्कल करणाऱ्या डॉसबॉक्स या प्रोग्रॅमात कमी गती दिली की ते सुखाने चालतात. सेफडिस्कने कुलूपबंद केलेल्या सीडींचे दुःख निराळे. त्या कुलपाचा ड्रायव्हर असुरक्षित ठरून २०१५ मध्ये विंडोज १० ने तो घेतलाच नाही आणि त्याच वर्षी जुन्या विंडोजमध्येही तो बंद केला गेला; त्यामुळे ज्याने दाम मोजून खरी सीडी घेतली तोच बाहेर राहिला. तोच खेळ जीओजीसारख्या दुकानात कुलपाशिवाय मिळत असेल तर पुन्हा विकत घेणे, हाच त्यातला बिनत्रासाचा मार्ग आहे.

आणि नव्या खेळाच्या बाबतीत एवढे सारे करूनही तो सुरू न झाला, तर पैसे परत मागण्याची मुदत पाहावी. स्टीमवर ती खरेदीपासून चौदा दिवसांची असून खेळाचा वेळ दोन तासांहून कमी असावा लागतो. ज्या खेळांना स्वतःचा वेगळा लाँचर असतो, त्यांत तो लाँचर उघडा ठेवून उपाय शोधत बसलेला वेळही खेळण्यात जमा होऊ शकतो. म्हणून दुरुस्तीला बसण्यापूर्वी तो बंद करावा.